नक्कल नको, भूमिका शिकवूया : दिलीप प्रभावळकरांच्या निमित्ताने



'माझा आवडता कलावंत' हा निबंध आपल्या सगळ्यांच्या चांगल्याच परिचयाचा आहे. वह्यांचा गठ्ठा तपासायला घेतला की पहिलं वाक्य जन्मतारखेचं, दुसरं जन्मगावाचं, मग पुरस्कारांची यादी आणि शेवटी 'म्हणून ते मला खूप आवडतात'. हा 'म्हणून' कुठून आला, ते काही केल्या सापडत नाही. गाईडमध्ये तसंच छापलेलं असतं, मुलं तसंच उतरवून काढतात आणि गुणही मिळून जातात.

आज मी ज्येष्ठ अभिनेते दिलीप प्रभावळकर यांच्याविषयी लिहिते आहे. त्यांची जन्मतारीख आणि कामांची माहिती खाली येईलच, कारण ती मुलांना हवी असते. पण माझा खरा मुद्दा वेगळा आहे. दुसऱ्याची नक्कल करणं आणि दुसऱ्याची भूमिका करणं यात मोठा फरक आहे, आणि हा फरक मुलांना प्राथमिक शाळेतच शिकवायला हवा, असं माझं स्पष्ट मत आहे. तो शिकवायला प्रभावळकरांच्या कामाइतकं चांगलं उदाहरण मला तरी मराठीत दुसरं सापडलेलं नाही.

तुम्ही म्हणाल, चौथीच्या मुलांना नक्कल आणि भूमिका यांतला फरक कळून काय करायचंय? त्यांना काय नट व्हायचंय का? नाही, नट व्हायचं नाही. पण आपल्या वर्गात बोलताना अडखळणारं एखादं मूल असतं. पाय ओढत चालणारं असतं, उशिरा समजणारं असतं, वेगळ्या बोलीत बोलणारं असतं. मधल्या सुट्टीत त्या मुलाचं काय होतं, ते आपल्याला माहीत आहे. म्हणून हा विषय.

आधी थोडी ओळख

दिलीप प्रभावळकर यांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४ चा, मुंबईचा. शिक्षण विज्ञानाचं. नाटकाची गोडी मात्र रत्नाकर मतकरींच्या संस्थेत चांगलीच मुरली. मतकरींनी १९६२ साली 'बालनाट्य' ही संस्था सुरू केली आणि मुलांसाठी मनापासून नाटकं केली. त्यांच्या 'अलबत्या गलबत्या' मधली चेटकीण प्रभावळकरांनी केली होती. २०१८ पासून हेच नाटक नव्या संचात आलं आणि वैभव मांगले यांची चेटकीण आपल्या मुलांनी पाहिली. मुलांच्या आजी-आजोबांच्या पिढीने जी चेटकीण पाहिली, ती प्रभावळकरांची. म्हणजे मोठ्या रंगभूमीवर नाव होण्याच्या आधी हा माणूस लहान मुलांना घाबरवत आणि हसवत होता.

त्यानंतर आला छोटा पडदा. मुंबई दूरदर्शन १९७२ साली सुरू झालं. सगळ्या चाळीत एखाद्याच घरी टीव्ही असण्याचे ते दिवस. चिं. वि. जोशी यांच्या लेखनावर आधारलेली 'चिमणराव गुंड्याभाऊ' ही मालिका त्या काळात घराघरांत पोचली. प्रभावळकर झाले चिमणराव आणि बाळ कर्वे झाले गुंड्याभाऊ. आजही जुन्या माणसांसमोर 'चिमणराव' म्हणा, त्यांच्या डोळ्यांसमोर प्रभावळकरच येतात.

पुढची यादी खूप लांब आहे. मुलांना सांगण्यासाठी मी त्यातल्या ठळक गोष्टी निवडल्या आहेत. 'हसवा फसवी' हे त्यांनी स्वतः लिहिलेलं नाटक. त्यात एकाच प्रयोगात ते सहा वेगवेगळ्या भूमिका करत. त्यातले संगीत नाटकाच्या जमान्यातले वृद्ध गायक नट कृष्णराव हेरंबकर लोक अजून विसरलेले नाहीत. १९९१ चा 'चौकट राजा' हा चित्रपट. १९९३ च्या 'झपाटलेला' मधला तात्या विंचू. २००१ साली अल्फा मराठीवर सुरू झालेली 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका आणि तिच्यातले आबा. २००६ च्या 'लगे रहो मुन्नाभाई' मधले महात्मा गांधी. या भूमिकेसाठी आणि 'शेवरी' या मराठी चित्रपटातल्या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि अगदी अलीकडे, सप्टेंबर २०२५ मध्ये, वयाच्या ८१ व्या वर्षी 'दशावतार' चित्रपटातला कोकणातला म्हातारा दशावतारी कलावंत बाबुली मेस्त्री.

शिवाय ते लेखक आहेत. 'बोक्या सातबंडे' हा त्यांचा मानसपुत्र. खोडकर, पण मनाने चांगला, अडल्यानडल्याला धावून जाणारा मुलगा. २००९ साली त्यावर चित्रपटही आला. तुमच्या शाळेच्या ग्रंथालयात हे पुस्तक नसेल तर यंदाच्या खरेदीत जरूर घ्या. चौथी ते सातवीची मुलं ते हातातून सोडत नाहीत, असा माझा अनुभव आहे.

तात्या विंचू आणि गांधीजी

वर्गात ही माहिती सांगितली की मुलांना सगळ्यात जास्त धक्का बसतो तो एकाच गोष्टीचा. "बाई, तात्या विंचू आणि गांधीजी एकच माणूस?"

हो, एकच माणूस. एकीकडे ज्याच्या नावाने आजही मुलं रात्री बाथरूमला एकटी जात नाहीत तो गुंड आणि दुसरीकडे अहिंसा शिकवणारे बापू. चेहरा एकच, आवाज एकाच गळ्यातून आलेला. मग वेगळं काय झालं? मेकअप, कपडे, चष्मा असं मुलं पटापट सांगतात. हे बरोबरच आहे. पण गांधीजींचा पंचा आणि गोल चष्मा घालून आपल्याकडे दर २ ऑक्टोबरला एखादं मूल उभं असतंच की. सगळे टाळ्या वाजवतात, आईबाबा फोटो काढतात. ते मूल गांधीजींसारखं दिसतं, पण गांधीजी काय विचार करत असतील याचा त्याला पत्ता नसतो. आपण ते त्याला विचारतच नाही.

'लगे रहो मुन्नाभाई' मधले बापू आठवून बघा. ते कुठेही मोठ्याने भाषण ठोकत नाहीत. मुन्नाच्या शेजारी उभे राहून शांतपणे बोलतात. समोरच्याला दुखवायचं नाही, पण खरं सांगितल्याशिवाय सोडायचंही नाही, असा तो माणूस आहे. हे पंचामुळे आलेलं नाही. या माणसाला समोरच्याकडून काय हवं आहे, हे नटाने आधी समजून घेतलं म्हणून ते आलं.

मुलांना समजावताना मी हे अगदी सोप्या शब्दांत सांगते. नक्कल करणारा विचारतो, 'हा माणूस कसा दिसतो, कसा बोलतो?' भूमिका करणारा हे तर विचारतोच, पण पुढे जाऊन विचारतो, 'हा असा का बोलतो? याला काय हवंय? याला कशाची भीती वाटते?' नक्कल वाईट नसते. मुलं बोलायला शिकतात तीच मुळी नक्कल करत. ती पहिली पायरी आहे. पण आपण मुलांना पहिल्याच पायरीवर उभं करून टाळ्या वाजवतो, आणि मग ती तिथेच थांबतात.

आपण नक्की कोणाला हसतो?

यावर एक जण हमखास म्हणणार, "अहो, प्रभावळकर तर विनोदी नट म्हणूनच आधी गाजले. विनोद म्हणजे कोणावर तरी हसणंच ना?"

हा प्रश्न चांगला आहे आणि तो टाळू नये. चिमणरावाला आपण हसतो, कारण तो भित्रा आहे, त्याची फजिती होते, ठरवतो एक आणि घडतं भलतंच. पण चिमणराव हा आपल्यातलाच एक मध्यमवर्गीय माणूस आहे. घर चालवताना, पाहुण्यांना तोंड देताना, खोटा रुबाब करताना त्याची जी त्रेधातिरपीट उडते ती आपल्याही घरात उडते. त्याला हसताना आपण थोडे स्वतःलाच हसत असतो. प्रभावळकरांनी त्याला कुठेही मूर्ख ठरवून वर स्वतः शहाणपणाने उभं राहण्याचा आव आणला नाही. चिमणराव जितका गंभीरपणे गोंधळ घालतो, तितकं आपल्याला हसू येतं.

टिपऱ्यांच्या आबांचंही तेच. ही मालिका मुळात त्यांच्या 'अनुदिनी' या वृत्तपत्रातल्या सदरावरून आली. एका साध्या मध्यमवर्गीय घरातली माणसं आपापली डायरी लिहितात, एवढीच कल्पना. आबांच्या म्हातारपणावर विनोद होतात, पण आबा कधी हास्यास्पद होत नाहीत. घरात एक म्हातारा माणूस असतो, त्याला त्याचं मत असतं, त्याचं मन असतं, हे हसता हसता कळतं.

आता याच्या शेजारी आपल्याकडची स्नेहसंमेलनातली विनोदी नाटुकली ठेवून बघा. तोतरा नोकर, बहिरा आजोबा, जाडी बायको, अडाणी गावकरी. तोतरा बोलला की हशा. बहिऱ्याने भलतंच ऐकलं की हशा. लिहिणारा आणि बसवणारा कोणी दुष्ट नसतो, वर्षानुवर्षं चालत आलेलं असतं म्हणून चालतं. पण प्रेक्षकांत पहिल्या दोन रांगांत बसलेलं ते अडखळत बोलणारं मूल काय शिकतं? आणि त्याच्या शेजारी बसलेली त्याच्या वर्गातली बाकीची मुलं काय शिकतात? तर अडखळणं ही हसण्याची गोष्ट आहे आणि त्याला मोठ्या माणसांचीही परवानगी आहे.

'नातीगोती' आणि 'चौकट राजा'

प्रभावळकरांच्या कामातल्या दोन भूमिका मी इथे मुद्दाम शेजारी शेजारी ठेवते. जयवंत दळवी यांच्या 'नातीगोती' या नाटकात ते बाप होते. मुलगा बौद्धिकदृष्ट्या अक्षम, वयाने मात्र वाढत चाललेला. ती भूमिका अतुल परचुरे करत. नोकरी करणारे आईबाप, मुलाला कोण सांभाळणार ही रोजची ओढाताण, आपल्यानंतर याचं काय हा प्रश्न. हा बाप काही देवमाणूस नाही. तो थकतो, चिडतो, त्याच्या मनात नको ते विचार येतात. विशेष गरजा असणाऱ्या मुलाच्या पालकांना आपण 'किती सोसता हो तुम्ही' म्हणून मोकळे होतो. त्या सोसण्याच्या आत काय काय असतं, ते हे नाटक दाखवतं.

आणि त्यानंतर 'चौकट राजा' मध्ये ते स्वतः झाले नंदू. लहानपणीच्या अपघातामुळे ज्याच्या बुद्धीची वाढ थांबली आहे असा मोठा झालेला मुलगा. आईच्या भूमिकेत सुलभा देशपांडे, बालमैत्रिणीच्या भूमिकेत स्मिता तळवलकर, दिग्दर्शक संजय सूरकर. म्हणजे आधी ज्याला सांभाळणारा झाला, पुढे त्याच्याच जागी जाऊन उभा राहिला. एका नटाच्या वाट्याला हे दोन्ही येणं विरळाच.

नंदूची भूमिका नकलेच्या फार जवळची होती. वाकडा चेहरा, लाळ, हातवारे एवढं केलं असतं तरी काही लोकांनी वाहवा केली असती. पण नंदूकडे बघताना आपल्याला त्याचे हातवारे आठवत नाहीत. त्याला खेळायला कोणीतरी हवंय, आई रागावली की तो गोंधळतो, आपलं माणूस लांब गेलं की त्याला ते समजत नाही पण लागतं, हे आठवतं. आपण त्याला बघून हसतो तेव्हाही तो आपल्याला कमी वाटत नाही.

आज काही जाणकार विचारतात की दिव्यांग व्यक्तीची भूमिका दिव्यांग कलावंतानेच का करू नये? प्रश्न रास्त आहे आणि पुढच्या काळात तसं जास्तीत जास्त व्हायला हवं, असं मलाही वाटतं. पण त्या काळात मराठी प्रेक्षकांना नंदूकडे माणूस म्हणून बघायला या भूमिकेने शिकवलं, हेही तितकंच खरं.

एक सावधगिरीची सूचना मात्र देते. 'चौकट राजा' ची एखादी क्लिप उचलून तशीच वर्गात दाखवू नका. मुलं दुसऱ्या मिनिटाला नंदूसारखं बोलून दाखवायला लागतात आणि मधल्या सुट्टीपर्यंत वर्गातल्या कोणालातरी ते नाव चिकटतं. आधी तयारी हवी. तयारी कसली, ते पुढे सांगते.

माझ्या वर्गातला अनुभव

दोन वर्षांपूर्वी माझ्याकडे चौथीचा वर्ग होता. त्यात एक मुलगा बोलताना अडखळायचा. 'प' आणि 'क' पाशी तर फारच. मधल्या सुट्टीत हातपंपाजवळ दोघं-तिघं त्याच्यासारखं "प्-प्-पाणी" म्हणायचे. तोही हसायचा, म्हणून इतरांना वाटायचं की त्याला चालतं. पण हजेरी घेताना तो 'हजर' म्हणेनासा झाला. नुसता हात वर करायचा.

मी तेव्हा त्याच्याविषयी वर्गात एक अक्षरही बोलले नाही. त्याला उभं करून 'याला कोणी चिडवू नका' असं सांगितलं की चिडवणं फक्त शाळेच्या गेटबाहेर जातं. त्याऐवजी आम्ही शनिवारी अर्ध्या तासाचा एक खेळ सुरू केला. खेळाचं नाव, 'ओळखा मी कोण'.

पहिल्या शनिवारी विषय होता आठवडी बाजारातली भाजीवाली. मुलांनी काय केलं असेल? नाकात आवाज काढून "घ्या भाजीssss". सगळे हसले, मीही हसले. मग सांगितलं, या बाजाराच्या दिवशी तिच्याकडे पाच मिनिटं नुसतं बघून या. बोलायचं नाही, फक्त बघायचं. काय हवंय तिला, कशाची काळजी आहे, ते शोधून आणायचं.

पुढच्या शनिवारी मुलं काय काय घेऊन आली! ती मेथीवर ओलं पोतं टाकते, सारखं आभाळाकडे बघते. गिऱ्हाईक भाव पाडून पुढे गेलं तर त्याच्या पाठीकडे थोडा वेळ बघत राहते. संध्याकाळी उरलेली कोथिंबीर स्वस्तात देते, पण तिच्या तोंडावरून कळतं की तिला ती द्यायची नव्हती. एका मुलीने हे करून दाखवलं. कोणी हसलं नाही. वर्ग इतका शांत झाला की शेजारच्या वर्गातले पाढे ऐकू येत होते.

तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात त्या अडखळणाऱ्या मुलाने स्वतःहून हात वर केला. त्याने संवाद नसलेली भूमिका निवडली, एसटीची वाट बघणारे आजोबा. रस्त्याकडे बघितलं, खिशात तिकिटाचे पैसे आहेत ना ते चाचपलं, खाली बसला, गाडीचा आवाज आल्यासारखा उठला, परत बसला. वर्गाने लगेच ओळखलं. जो मुलगा "प्-प्-पाणी" करण्यात पुढे असायचा तोच म्हणाला, "बाई, याने भारी केलं."

एवढ्याने सगळं सुटलं असं मी सांगणार नाही. त्याचं अडखळणं तसंच राहिलं, ते काही खेळाने जाणारं नव्हतं, त्यासाठी वाचातज्ज्ञ लागतात. चिडवणंही एकदम बंद झालं नाही. पण कमी झालं. आणि काही आठवड्यांनी हजेरीला त्याचा 'ह-हजर' परत ऐकू आला. वर्गाने त्याला पूर्ण करायला वेळ दिला.

वर्गात काय करता येईल?

खर्च काही नाही. मी जे करते ते सांगते. तुम्ही तुमच्या वर्गाप्रमाणे बदल करा.

१. 'ओळखा मी कोण' : ओळखीतल्या कामकरी माणसापासून सुरुवात करा. पोस्टमन, एसटीचा वाहक, शाळेत खिचडी शिजवणाऱ्या ताई, मेंढपाळ. भूमिका करण्याआधी प्रत्येकाने तीन प्रश्नांची उत्तरं द्यायची. याला काय हवंय? याला कशाची काळजी आहे? हा एकटा असताना काय करतो? वर्गातल्या किंवा शाळेतल्या कोणाही मुलाची भूमिका करायची नाही, हा नियम पहिल्याच दिवशी फळ्यावर लिहा.

२. एक प्रसंग, पाच डायऱ्या : ही युक्ती सरळ टिपऱ्यांकडून उचललेली. घरात एक साधी घटना घ्या, उदाहरणार्थ, आजोबांचा चष्मा हरवला. मग पाच गटांनी पाच जणांची डायरी लिहायची. आजोबा, आई, बाबा, ताई आणि धाकटा. रोजनिशी लेखनाचा पाठ यातून होतो आणि एकच घटना प्रत्येकाला वेगळी दिसते, हेही कळतं. मुलं आजोबांची डायरी लिहायला लागली की थबकतात. मग घरी जाऊन आजोबांना विचारतात. आपल्याला तेच तर हवंय.

३. एकच वाक्य, सहा माणसं : 'हसवा फसवी' त एक नट सहा माणसं उभी करायचा. आपण एकच वाक्य घेऊ, 'मी उद्या येतो'. ते डॉक्टर कसं म्हणेल, उधारी मागायला आलेला कसं म्हणेल, गावाला निघालेला बाप कसं म्हणेल? प्रकट वाचनाचा, आवाजातल्या चढउताराचा यापेक्षा चांगला सराव नाही.

४. निबंधाची मांडणी बदला : 'माझा आवडता कलावंत' लिहून घ्यायचाच असेल तर जन्मतारीख एका ओळीत संपवायला सांगा. पुढे एकच भूमिका निवडायची आणि तिच्यातला एक क्षण लिहायचा. तो क्षण का आठवतो, ते लिहायचं. म्हणजे शेवटच्या 'म्हणून' ला काहीतरी आधार मिळेल.

हे खेळ दोन-तीन महिने झाल्यावर सातवी-आठवीच्या मुलांना 'चौकट राजा' पूर्ण दाखवता येईल. तुकडा नको, पूर्ण दाखवा. त्यातले आणि आधी नाटकांत वापरले जाणारे 'मतिमंद' वगैरे शब्द आज आपण का वापरत नाही, हेही बोला. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यात दिव्यांगत्वाचे २१ प्रकार दिले आहेत आणि बोलण्याचं दिव्यांगत्व व बौद्धिक अक्षमता हे दोन्ही त्यात आहेत. मोठ्या मुलांना हे सांगितलेलं समजतं.

वेळ कुठे आहे?

काही सहकारी म्हणतील, ऑनलाइन माहिती भरा, चाचण्या घ्या, अभ्यासक्रम संपवा, यात नाटक कधी करायचं? तक्रार खरी आहे. मीही त्याच शाळेत नोकरी करते जिथे दुपारी दोनला व्हॉट्सॲपवर 'आजच्या आज माहिती पाठवा' असा निरोप येतो. पण वर दिलेल्या चारांपैकी तीन गोष्टी भाषेच्या तासातच बसतात. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणात कला-समेकित शिक्षणावर भर आहे. तेव्हा कोणी विचारलंच तर सांगायला आपल्याकडे आधार आहे.

दुसरी शंका पालकांची असते. "आमचं मूल आधीच नकला करण्यात पटाईत आहे, त्याला अजून कशाला प्रोत्साहन?" पालकहो, तुमचं मूल नक्कल करतं म्हणजे त्याची नजर तीक्ष्ण आहे, कान तयार आहेत. ही देणगी आहे. फक्त पाहुण्यांसमोर "शेजारच्या काकूंची ॲक्टिंग करून दाखव" म्हणताना जरा थांबा. मोबाईल काढून त्याचा व्हिडिओ करून ग्रुपवर टाकताना तर नक्कीच थांबा. काकूंना तो दिसणारच आहे. त्याऐवजी मुलाला विचारा, "काकू सारख्या रागावतात, असं तुला का वाटतं?" उत्तर चुकलं तरी चालेल. प्रश्न त्याच्या डोक्यात राहिला पाहिजे.

प्रभावळकरांच्या आयुष्याचा धडा शिकवायचा म्हणजे पुरस्कारांची यादी पाठ करून घेणं नाही. चेटकीण, चिमणराव, नंदू, तात्या विंचू, आबा, बापू आणि आता बाबुली मेस्त्री. साठेक वर्षं हा माणूस दुसऱ्या कोणाच्या तरी जागी जाऊन उभा राहतो आहे, आणि वयाच्या ८१ व्या वर्षीही त्याला नव्या माणसाबद्दल कुतूहल आहे. हे कुतूहल आपल्या मुलांमध्ये आलं तर ती नट होवोत न होवोत, शेजारी बसणाऱ्या मुलाकडे ती वेगळ्या नजरेने बघतील.

येत्या स्नेहसंमेलनाची तयारी आता लवकरच सुरू होईल. नाटुकल्यांच्या संहिता हातात येतील. त्या बसवायला घेण्याआधी एकदा वाचून बघा, की यात हशा नक्की कशावर आहे. तोतऱ्या नोकराचं पान निघालं तर ते काढून टाका, आणि त्या जागी तुमच्या मुलांनी बाजारात बघून आणलेलं एखादं माणूस उभं करा.